‘दिस्कोरामा’ची सोळा वर्षे

सरकारी नोकरीत ज्यांचे आयुष्य गेले त्यांस खाते मोडण्याचा प्रकार अगदीच अपरिचित नसतो. एके दिवशी राजपत्रात कायदा छापून येतो. मग कपाटे, खुर्च्या, टंकलेखन-यंत्रे व मोटारी यांच्या याद्या होतात आणि त्यांच्या पाठोपाठ माणसांच्या याद्या होतात. अमुक इतके लोक या नव्या कार्यालयाकडे, तमुक इतके त्या मंडळाकडे, वय झालेल्यांस निवृत्तिवेतन, अशी वाटणी होते. परंतु दर खेपेस काही माणसे अशी उरतात की, ज्यांचे काम साऱ्या देशाने पाहिलेले असते आणि ज्यांचे नाव मात्र कोणत्याच रकान्यात बसत नाही. ७ ऑगस्ट १९७४ च्या कायद्याने फ्रान्समधील नभोवाणी व दूरचित्रवाणी यांची राष्ट्रीय संस्था मोडून तिचे सात भाग केले, तेव्हा अशा उरलेल्यांत एक बाई होत्या. त्यांचे नाव दनीझ ग्लाझेर. सोळा वर्षे त्या ‘दिस्कोरामा’ नावाचा कार्यक्रम निर्माण करीत होत्या व स्वतःच सादरही करीत होत्या. पुढच्या वर्षाच्या आरंभी तो बंद पडला. त्यांची हकीकत आम्हांस येथे सांगावयाची आहे. ती सांगताना त्यांच्याबरोबरच्या इतर निर्मात्यांकडे आणि त्या मोडलेल्या संस्थेकडेही थोडे वळून पाहावे लागेल.

प्रथम एका शब्दाचा उलगडा करणे अवश्य आहे. फ्रेंच लोक ज्याला ‘व्हारिएते’ म्हणतात त्यात गाणे असते, नकला असतात, जादू, कसरती, थोडे नाट्य आणि पुष्कळशी थट्टा असते. आपल्याकडे गणेशोत्सवात ‘विविध गुणदर्शना’चा जो कार्यक्रम होतो, तो शब्द या कल्पनेच्या पुष्कळच जवळ जातो. परगावी नोकरीस असलेल्या मराठी मंडळींनी आपापल्या महाराष्ट्र मंडळात असे गुणदर्शन वर्षातून एकदा तरी बसविलेले असते, म्हणून त्याचा निर्माता काय काय करतो हे त्यांस निराळे सांगावयास नको. माणसे जमविणे, कोणी आधी गावे आणि कोणी मागून यावर रुसवे काढणे, पैशांची तोंडमिळवणी करणे, आणि कार्यक्रम पडला तर तो दोष पदरी घेणे, हीच त्याची कामे. फ्रान्सच्या दूरचित्रवाणीतही ती हीच होती. फरक इतकाच की, तेथील मंडप साऱ्या देशाएवढा होता आणि मंडपाचा मालक शासन होते.

युद्धानंतरच्या काळात फ्रान्समध्ये खाजगी दूरचित्रवाणीस परवानगीच नव्हती. यंत्र घरी ठेवणाऱ्याने शासनास वार्षिक शुल्क भरावे व शासनाने त्यातून कार्यक्रम करावेत, अशी ती व्यवस्था होती. १९५८ च्या सुमारास देशात अवघी दहा लाख यंत्रे होती. शेजारच्या घरी जाऊन, किंवा उपाहारगृहात उभे राहून लोक ते चित्र पाहत. या पहिल्या काळातील विविध गुणदर्शनाचे आद्य पुरुष म्हणजे झाँ नोएँ. यांचा जन्म १९०० चा. वडील फ्रां-नोएँ हे कवी होते आणि मुलाने वकिलीची सनद घेतली होती. परंतु वकिलीपेक्षा त्यांना गाणी लिहिणे अधिक मानवले. मिरेय नावाच्या संगीतकार बाईंच्या चालींवर त्यांनी लिहिलेली गाणी १९३० नंतरच्या दशकात घरोघर गायिली जात. मुलांसाठी त्यांनी वृत्तपत्र काढले आणि नभोवाणीवर कार्यक्रम केले. युद्धात ते सेनापती लक्लेर यांच्या चिलखती दलात होते. तेथे चेहऱ्यावर झालेल्या जखमेने त्यांच्या तोंडाची एक बाजू कायमची लुळी पडली. ज्याचा चेहरा अशा रीतीने अधू झाला त्या मनुष्याने पुढे चेहऱ्याच्याच माध्यमात शिरावे आणि देशाचा लाडका व्हावे, हे आम्हांस फार विशेष वाटते. त्यांच्या कार्यक्रमाचे नाव होते ‘छत्तीस मेणबत्त्या’. डोक्यास मार बसल्यावर आपल्या डोळ्यांपुढे काजवे चमकतात, तशा फ्रेंच माणसाला छत्तीस मेणबत्त्या दिसतात. त्या वाक्प्रचारावरून हे नाव. मोठे सभागृह, वाद्यवृंद, प्रेक्षक, टाळ्या, आणि मधून मधून नोएँ यांची आजोबांसारखी बोलकी मध्यस्थी, असा तो थाट असे. फेर्नां रेनो हा पुढे अतिशय गाजलेला विनोदी नट फ्रेंच घरांत पोहोचला तो याच कार्यक्रमामुळे.

१९५९ साली दनीझ ग्लाझेर यांचा ‘दिस्कोरामा’ सुरू झाला. या सालाचे एक स्मरण आम्हां दिल्लीकडच्या मंडळींस ठेवावेसे वाटते, कारण त्याच वर्षी १५ सप्टेंबरला दिल्लीत आकाशवाणीने दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रक्षेपण आरंभिले. पहिल्या दिवसांतील त्या कामात निर्माता म्हणून आपले पु. ल. देशपांडे होते. बी. बी. सी. मधील शिक्षण आणि फ्रान्स-जर्मनीचा प्रवास आटोपून ते परतले होते, आणि त्या प्रवासाची ‘अपूर्वाई’ मराठी वाचकांच्या कपाटात आजही आहे. म्हणजे निर्माता या नव्या जातीच्या माणसाची ओळख मराठी माणसास फ्रेंच माणसाहून फार उशिरा झाली असे नव्हे. असो.

ग्लाझेरबाईंचा जन्म ३० नोव्हेंबर १९२० रोजी उत्तर फ्रान्समधील आरास या गावी झाला. मराठी कानास या नावाची मौज वाटेल, कारण पुढे त्यांनी जो कार्यक्रम केला त्यात आरास म्हणून काही नव्हतीच. ‘दिस्क’ म्हणजे ध्वनिमुद्रिका. नव्या निघालेल्या ध्वनिमुद्रिकांचे विहंगमावलोकन, एवढाच ‘दिस्कोरामा’ या नावाचा अर्थ. तो काळही ध्वनिमुद्रिकांचा होता. ७८ फेऱ्यांच्या जुन्या ठिसूळ तबकड्या जाऊन ३३ व ४५ फेऱ्यांच्या न फुटणाऱ्या तबकड्या आल्या होत्या. खिशात मावेल असा नभोवाणी-संच तरुणांच्या हाती येत होता. त्याच १९५९ साली ‘एरॉप १’ या नभोवाणी-केंद्रावर ‘सालू ले कोपँ’ हा तरुणांचा गाण्यांचा कार्यक्रम सुरू झाला आणि फ्रान्समध्ये पोरासोरांच्या आवडीनिवडीला प्रथमच बाजारात भाव आला. २२ जून १९६३ रोजी पॅरिसच्या नास्यों चौकात याच नावाच्या मासिकाच्या वाढदिवसानिमित्त झालेल्या मोफत जलशास दीड लाखांच्या आसपास तरुण लोटले, आणि दुसऱ्या दिवशी वडीलधारी वृत्तपत्रे भयचकित झाली.

अशा गर्दीच्या काळात ग्लाझेरबाईंनी जे केले ते उलटे होते. त्यांच्या कार्यक्रमात प्रेक्षक नव्हते आणि टाळ्याही नव्हत्या. राउल सांग्ला हे दिग्दर्शक त्यांना मिळाले आणि त्या दोघांनी मिळून चित्रगृह जसे असते तसेच दाखवावयाचे ठरविले. उघड्या भिंती, वर टांगलेले दिवे, जमिनीवरून सरपटणाऱ्या तारा, छायाचित्रणाची अवजड यंत्रे आणि ती ढकलणारी माणसे, काहीच लपविलेले नसे. इतर निर्माते ज्याच्यावर पडदा टाकण्यासाठी सुतार-रंगारी लावीत, ते येथे सरळ दिसे. गायक त्या मोकळ्या जागेत येऊन बसे, गाणे म्हणे, आणि मग बाई त्याच्याशी बोलत. हे काटकसरीतून आले की कलादृष्टीतून, असा प्रश्न कोणी विचारील. आमच्या मते सांग्ला यांच्यापुरते तरी ते मताने आले होते. जे घडते आहे ते कोठे व कसे घडते आहे हे पाहणाऱ्यापासून लपवू नये, अशी त्यांची धारणा होती आणि पुढील कामातही ती त्यांनी सोडली नाही.

कार्यक्रमाचा आत्मा मात्र बाईंच्या बोलण्यात होता. नेमके म्हणावयाचे तर, त्यांच्या न बोलण्यात होता. मुलाखत घेणारा मनुष्य बहुधा शांततेला भितो. समोरचा थांबला की तो लगेच दुसरा प्रश्न पुढे ढकलतो. ग्लाझेरबाई तसे करीत नसत. हलक्या, खालच्या पट्टीतल्या आवाजात एक प्रश्न विचारावा, उत्तर संपले असे वाटले तरी बोलू नये, समोरच्याकडे पाहत राहावे, अशी त्यांची पद्धत होती. छायाचित्रण-यंत्र गायकाच्या चेहऱ्यावर स्थिर असे. दोन क्षण, चार क्षण जात आणि मग तो गायक आधीच्या उत्तराची दुरुस्ती करू लागे. पाठ करून आणलेले पहिले उत्तर संपून गेलेले असे, आणि दुसरे जे येई ते त्याचे स्वतःचे असे. ज्यांनी चौकशी-अधिकारी म्हणून काम केले आहे त्यांस ही युक्ती ठाऊक असेल. परंतु तेथे ती समोरच्याला पकडण्यासाठी वापरली जाते. येथे ती त्याला अवकाश देण्यासाठी होती, आणि मुलाखत पाहणाऱ्यास हा फरक चटकन कळतो. फ्रान्समध्ये ‘दनीझ ग्लाझेरच्या शांतता’ हा शब्दप्रयोगच झाला. नकलाकारांनी त्यांची नक्कलही पुष्कळ केली. आम्हांस एवढेच वाटते की, नक्कल करणाऱ्याला ती शांतता पेलत नाही, कारण ती हशाची वाट पाहणारी शांतता असते.

याचे फळ काय, हे एका उदाहरणाने सांगतो. सेर्ज गँसबूर हा चित्रकारीकडून गाण्याकडे वळलेला बुद्धिमान, काहीसा तिखट कवी. प्रथम तो लहान तळघरांतील रसिकांसाठी गात असे. १९६५ साली त्याने एका किशोरवयीन गायिकेसाठी, फ्रांस गाल हिच्यासाठी, एक चटकदार गाणे लिहिले. लक्झेंबुर्गच्या वतीने गायिलेल्या त्या गाण्याने युरोपीय गीतस्पर्धा जिंकली आणि गँसबूर श्रीमंत झाला. जुने चाहते नाराज झाले. त्याच वर्षी तो ‘दिस्कोरामा’त आला. आपण ज्याला टोपी फिरविणे म्हणतो त्याला फ्रेंच लोक कोट उलटा करणे म्हणतात. गँसबूर म्हणाला की, कोटाचे अस्तर मिंकच्या उंची कातड्याचे आहे हे लक्षात आले तेव्हा मी तो उलटा केला. वाक्य चतुर आहे आणि ते फार प्रसिद्ध झाले. परंतु मुलाखतीत पाहण्यासारखे आहे ते वाक्यापेक्षा त्याच्या अवतीभवतीचे मौन. बाईंनी त्याला दोष दिला नाही आणि हसून सोडूनही दिले नाही. आपली चतुराई त्याला स्वतःलाच किती पुरली, हे ज्याचे त्याने पाहावे.

दुसरे उदाहरण बार्बाराचे. मोनिक सेर्फ हे तिचे खरे नाव. जन्म १९३० चा, कुटुंब यहुदी. जर्मन अंमलाची वर्षे तिने लपत, गावे बदलत काढली. पुढे सेन नदीकाठच्या ‘लेक्लूझ’ नावाच्या चिमुकल्या गायनगृहात ती पियानोशी बसून रात्री उशिरा गात असे. ती स्वभावाने बुजरी, काळ्या पोशाखाची, प्रकाशझोतात अवघडणारी. मोठ्या सभागृहातील रंगीबेरंगी गुणदर्शनात अशा बाईचे काय होणार? ‘दिस्कोरामा’त मात्र ती अनेकदा आली. दोन स्त्रिया एकमेकींसमोर बसल्या आहेत, एक हळूच विचारते आहे आणि दुसरी उत्तर देण्यापूर्वी खाली पाहते आहे, अशा त्या कृष्णधवल चित्रांत आम्हांस फ्रेंच गीताविषयी जे कळले ते पुस्तकांत कळले नव्हते. लेओ फेरे, झॉर्झ मुस्ताकी, पुढच्या पिढीतील माक्सिम ल फोरेस्तिए, व्हेरोनिक सांसों, कातरीन लारा, असे किती तरी जण त्या खुर्चीवर बसून गेले. यांतील कित्येक जण पहिल्या वेळी आले तेव्हा नवखे होते. पुढे कार्यक्रमाची वेळ रविवारच्या मध्यान्हीची ठरली. घरात जेवणाची तयारी चालू असावी आणि बाजूच्या खोलीतून कोणी तरी फारसे न ओरडता गात असावे, अशी ती वेळ. एका पिढीच्या आठवणीत ‘दिस्कोरामा’ला अजून स्वयंपाकाचा वास आहे म्हटले तरी चालेल.

आता मालकाकडे वळू. द गोल यांच्या राजवटीत दूरचित्रवाणी हे शासनाचे हत्यार आहे याविषयी कोणी आडपडदा ठेवला नव्हता. आलँ पेरफित हे १९६२ साली माहितीमंत्री झाले. त्यांनीच पुढे लिहून ठेवले आहे की, कार्यभार सोपविताना आधीच्या मंत्र्यांनी टेबलावरच्या घंटांची बटणे दाखविली. हे बटण शिपायासाठी, हे कार्यालय-प्रमुखासाठी, आणि ही ओळ नभोवाणीच्या संचालकासाठी, दूरचित्रवाणीच्या वृत्तप्रमुखासाठी वगैरे. संध्याकाळच्या बातमीपत्रात काय यावे ते रोज बटण दाबून सांगावयाचे! २७ जून १९६४ च्या कायद्याने संस्थेस नवे नाव व थोडी स्वायत्तता मिळाली, पण बटणे पूर्णपणे गेली नाहीत. राज्यकर्त्यांची नजर मुख्यतः बातम्यांवर असे. गाण्याच्या विभागाकडे ते दुर्लक्ष करीत, आणि आमचा तर्क असा की, फ्रेंच दूरचित्रवाणीतील खरी मोकळीक त्या दुर्लक्षामुळेच गाण्याच्या विभागात मुक्कामास आली. झाँ-क्रिस्तोफ आव्हेर्ती यांनी १९६३ मध्ये ‘हिरवी द्राक्षे’ या कार्यक्रमात प्लॅस्टिकची बाहुली-बाळे खिमा करण्याच्या यंत्रात घालून दाखविली तेव्हा देशभरातून निषेधाची पत्रे आली, पण आव्हेर्ती राहिले. दुसऱ्या टोकास गी ल्युक्स होते. त्यांनी १९६२ पासून गावागावांच्या चढाओढी लावल्या, बिथरलेली वासरे मैदानात सोडली आणि खेड्यापाड्यांतील माणसास दूरचित्रवाणी आपली वाटावयास लावली. एकाच कचेरीच्या छताखाली ही सारी मंडळी होती. आजच्या बाजारी वाहिन्यांत आव्हेर्ती, ल्युक्स आणि ग्लाझेर एकाच पगारपत्रकावर सापडणे कठीण आहे.

पगारपत्रक हा शब्द मात्र सैलपणे वापरला. तंत्रज्ञ व प्रशासक यांच्या नोकऱ्या नियमांनी बांधलेल्या होत्या. निर्माता हा बहुधा करारावरचा, कार्यक्रमागणिक मानधन घेणारा असे. कार्यक्रम चालू तोवर त्याच्याइतका मानकरी नाही, आणि तो बंद झाला की रजा, सेवाज्येष्ठता, निवृत्तिवेतन यांपैकी काहीही त्याच्या पदरी नाही. ज्यांची सारी हयात सेवापुस्तिकेत नोंदली गेली आहे अशा आम्हां लोकांस ही स्थिती अंगावर काटा आणणारी वाटेल. त्या लोकांस ती वर्षानुवर्षे जाणवतही नसे, कारण कार्यक्रम चालूच असे.

मे १९६८ मध्ये विद्यार्थ्यांच्या उठावाबरोबर देश संपावर गेला आणि दूरचित्रवाणीचे कर्मचारीही संपावर गेले. बातम्यांत उठाव दाखविण्यावर आलेली बंधने हे मुख्य कारण. संप मोडला, द गोल यांच्या पक्षाने निवडणूक प्रचंड बहुमताने जिंकली, आणि सुमारे शंभर पत्रकारांस कामावरून दूर करण्यात आले. ‘दिस्कोरामा’ त्यानंतरही पडद्यावर राहिला. त्या वर्षाच्या १ ऑक्टोबरपासून व्यापारी मालाच्या जाहिराती दाखविण्यास आरंभ झाला. त्याआधी बरोबर एक वर्ष रंग आले होते. १९७० च्या सुमारास यंत्रांची संख्या एक कोटीच्या घरात गेली. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष पाँपिदू यांनी पत्रकार परिषदेत सांगितले की, दूरचित्रवाणीचा पत्रकार हा इतर पत्रकारांसारखा नाही, त्याचा आवाज हा फ्रान्सचा आवाज आहे. ग्लाझेरबाईंच्या खुर्चीवर या वर्षांत जी नवी मुले येत होती, लांब केसांची, गिटार घेतलेली, सैन्याविषयी अनादर दाखविणारी, त्यांचा आवाज फ्रान्सचा आहे असे पाँपिदू यांस वाटले नसते. पण तोही होताच.

मे १९७४ मध्ये झिस्कार देस्तँ राष्ट्राध्यक्ष झाले. ते वयाने तरुण होते, आधुनिकतेचे अभिमानी होते, आणि अगडबंब सरकारी संस्था मोडून स्पर्धा आणावी अशा मताचे होते. संस्थेत दोष नव्हते असे नाही. खर्च वाढला होता, संप वारंवार होत, आणि एका निर्णयासाठी दहा सह्या लागत. तिचे अखेरचे प्रमुख मार्सो लाँ हे प्रशासकीय न्यायमंडळातून आलेले मुरब्बी अधिकारी होते, पण त्यांच्या हातून तिचे फक्त उत्तरकार्य झाले. कायदा ऑगस्टमध्ये संमत झाला. नव्या वर्षापासून तीन निरनिराळ्या वाहिन्या, एक नभोवाणी, एक प्रक्षेपण-संस्था, एक निर्मिती-संस्था, असे सहा वारस ठरले. ज्या कामांस या सहांत जागा नव्हती, म्हणजे जुन्या फितींचा सांभाळ, संशोधन आणि शिकवणी, ती एका सातव्या संस्थेच्या पदरात घालण्यात आली. तिचे नाव राष्ट्रीय दृक्‌श्राव्य संस्था, फ्रेंच आद्याक्षरांनी ‘इना’. प्रमुख म्हणून प्येर एमान्युएल यांस नेमले, ते कवी होते. व्यवहारी माणसांना त्या वेळी हे सातवे अपत्य अडगळीच्या खोलीसारखे वाटले असल्यास नवल नाही. फिती ठेवून करावयाचे काय? साक्षात बी. बी. सी. त्या वर्षांत जागा व पैसा वाचविण्यासाठी आपल्या जुन्या फिती पुसून पुन्हा वापरीत होती.

१९७५ च्या आरंभी पहिली वाहिनी नव्या नावाने, नव्या व्यवस्थापनाखाली सुरू झाली. शेजारच्या वाहिनीशी आता तिची प्रेक्षकांसाठी चढाओढ होती, आणि प्रेक्षकांच्या संख्येवर तिच्या उत्पन्नाचा काही भाग अवलंबून होता. ‘दिस्कोरामा’ बंद झाला. बाई तेव्हा चौपन्न वर्षांच्या होत्या. त्याच वर्षी त्याच वाहिनीवर शनिवारी रात्री ‘नंबर एक’ हा कार्यक्रम अवतरला. त्याचे निर्माते मारीती आणि झिल्बेर कार्पांतिए हे पति-पत्नी. दर खेपेस एक गायक यजमान, त्याचे मित्र पाहुणे, झगमगते मंच, वेषांतरे, एरवी एकत्र न येणाऱ्या दोघांची जोडगाणी, असा तो १९८२ पर्यंत चाललेला वैभवशाली सोहळा होता. आम्ही कार्पांतिए दांपत्यास नावे ठेवू इच्छीत नाही. त्यांचे काम चोख होते, कलावंतांवर त्यांची माया होती, आणि शनिवारची रात्र ही काही आत्मपरीक्षणाची वेळ नव्हे. परंतु पूर्वी शनिवारच्या झगमगाटानंतर रविवारची ती उघड्या भिंतींची खोली येत असे. १९७५ नंतर शनिवार उरला आणि रविवार गेला, इतके मात्र नोंदविले पाहिजे.

पुढील आठ वर्षांविषयी लिहावयास फारसे नाही, आणि हेच त्यांतील दुःख आहे. नियमाने चालेल असा कार्यक्रम त्यांना पुन्हा मिळाला नाही. पैशांची ओढग्रस्त आली. पूर्वी ज्यांस त्यांनी लोकांपुढे आणले होते त्यांची चित्रे भिंतीभिंतींवर होती. आमच्याकडे बदली झालेल्या अधिकाऱ्याच्या दारातली वर्दळ दुसऱ्याच दिवशी आटते, तसाच हा प्रकार. बार्बारा आणि कातरीन लारा यांच्यासारख्या थोड्या जणींनी मात्र त्यांची आठवण ठेवली होती असे सांगतात. ७ जून १९८३ रोजी दनीझ ग्लाझेर निवर्तल्या. वय बासष्ट वर्षांचे. १९८७ मध्ये त्यांची जुनी वाहिनीच शासनाने एका बांधकाम-कंपनीच्या नेतृत्वाखालील समूहास विकली. म्हणजे ज्या बटणांच्या टेबलापाशी ही गोष्ट सुरू झाली त्या टेबलाची सत्ता निदान त्या वाहिनीपुरती तरी संपली.

फिती मात्र त्या सातव्या संस्थेत होत्या. १९७४ च्या ज्या कायद्याने ‘दिस्कोरामा’चे छत्र गेले त्याच कायद्याच्या दुसऱ्या कलमांनी त्याच्या फितींस घर मिळाले होते. १९९२ मध्ये फ्रान्सने आणखी एक पाऊल टाकले. छापील पुस्तकाची प्रत जशी राष्ट्रीय ग्रंथालयात द्यावी लागते तशी प्रक्षेपित कार्यक्रमांची प्रत या संस्थेत ठेवण्याचे बंधन कायद्याने घातले. १९९५ पासून अभ्यासक तेथे बसून जुने कार्यक्रम पाहू लागले. एप्रिल २००६ मध्ये संस्थेने आपल्या भांडारातील मोठा भाग संगणकाच्या जाळ्यावर सर्वांसाठी खुला केला. त्यानंतर बार्बाराचे, गँसबूरचे, फेरेचे चरित्र लिहिणारा कोणीही ‘दिस्कोरामा’कडे गेल्यावाचून राहिला नाही, कारण ही माणसे स्वतःविषयी बोलताना, आणि बोलण्यापूर्वी थांबताना, इतकी जवळून इतरत्र क्वचितच दिसतात. तरुण फ्रेंच मुले, ज्यांच्या आईबापांनीही तो कार्यक्रम जेमतेमच पाहिला असेल, आता त्या मुलाखती पाहतात.

दिल्लीच्या त्या प्रायोगिक दिवसांतील, किंवा २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई केंद्र सुरू झाल्यावर ज्या मराठी लेखक-कलावंतांच्या मुलाखती झाल्या त्यांतील, काय काय आज पाहावयास मिळते याचा हिशेब आमच्या वाचकांपैकी कोणी अभिलेखागाराच्या कामात असतील त्यांनी अवश्य मांडावा. त्यासाठी ही पाने मोकळी आहेत.

‘इना’च्या नोंदपत्रकावर प्रत्येक कार्यक्रमाची तारीख असते, वाहिनीचे नाव असते, गायकांची व गाण्यांची नावे असतात. त्याखाली दिग्दर्शक म्हणून राउल सांग्ला यांचे नाव पुष्कळदा दिसते. निर्माता या रकान्यात दनीझ ग्लाझेर हे नाव आहे.